ओलूमा म्हणजे काय?

५ मार्च

भिंगरी,

फोन तू कापलास. हल्लीच्या फोनला आपटायची सोय नाही, नाहीतर आपटलाच असतास, मुलगी कोणाची! दोन वर्षांनी आपण पहिल्यांदा बोललो आणि साडेतीन मिनिटांत सगळं आटोपलं. त्यानंतर अकरा वेळा लावला, तू उचलत नाहीस. म्हणून हे पत्र. पत्राचं एक बरं असतं, ते मध्येच कापता येत नाही. फार तर फाडता येतं, पण फाडण्याआधी माणूस वाचतोच.

मी असं काय मोठं म्हणालो? ‘ओलूमा’ ऐकून आंघोळीचा साबण आठवतो, एवढंच. मग ‘की खोकल्याचं औषध?’ असंही म्हणालो, ते खरं. एकावर थांबायला हवं होतं. तुझी आई समोर उभी राहून डोळे वटारत होती, पण मला वाटलं तिच्या डोळ्यांत काहीतरी गेलंय.

पण बाई, अर्थ काय या नावाचा? मी शब्दकोश काढून बसलो. ओल आहे, ओलावा आहे, ओलीस आहे, जरा पुढे गेलं की थेट ओवा. ओलूमा नाही. तिसऱ्या मजल्यावरच्या मास्तरांना विचारलं. निवृत्त झाल्यापासून त्यांना प्रत्येक गोष्टीचा अर्थ ठाऊक असतो. तेही चष्मा पुसत म्हणाले, “परदेशी असावं.” म्हणजे त्यांनाही ठाऊक नाही.

नवीन नाव हवं, हे मला समजतं. मी काही अगदीच जुनं खोड नाही. वर्गात एका नावाच्या चार मुली, मग मोठी अमकी, धाकटी अमकी, चष्मेवाली अमकी, हे कुणाला आवडेल? आपल्या पोरीचं नाव दुसऱ्या कुणी वापरलेलं नसावं, कोऱ्या कापडासारखं असावं, यात गंमत आहेच. पण मी बिजागऱ्या बनवणारा माणूस. बिजागरीलासुद्धा नाव देताना आम्ही बघतो की ऐकणाऱ्याला कळलं पाहिजे, ही दाराची का खिडकीची. तुझ्या नावातून काहीच कळत नाही.

आणि माझ्या आईचं नाव होतं की. स्वच्छ, अर्थाचं, चार माणसांत घ्यावं असं. ती गेल्यापासून मनात धरून होतो की घरात कधीतरी पुन्हा ती हाक ऐकू येईल. तुला कधी बोललो नाही. आता बोलतोय.

तुझ्या लग्नाचा विषय मी काढत नाही. दोन वर्षांत काढलेला नाही, हे तूही मान्य करशील. त्याचं बरं चाललं असेलच.

पोर अवघी पंचवीस दिवसांची आहे. नाव बदललं तर तिला पत्ताही लागणार नाही. विचार कर.

तुझा साबणवाला बाप


१३ मार्च

भिंगरी,

उत्तर नाही. हरकत नाही, मीच लिहितो. एक कबुली द्यायची आहे.

आपल्या कारखान्याची रीत तुला ठाऊक आहे. सहा प्रेस धाडधाड पत्रा कापतायत, दोन ग्राइंडर किंचाळतायत, अशात आईबापांनी ठेवलेलं नाव कुणाच्या कानापर्यंत पोचत नाही. म्हणून नवा माणूस आला की मिस्त्री त्याला पार टोकाच्या लेथपाशी पाठमोरा उभा करतात आणि मी दारातून हाक मारतो. खऱ्या नावाला वळला तर तेच नाव. नाही वळला तर दुसरं, तिसरं, वळेपर्यंत. एका भल्यामोठ्या राजेशाही नावाचा माणूस आपल्याकडे बारा वर्षं ‘बंब’ म्हणून सुखानं नांदतोय. तूही शाळेतून परस्पर कारखान्यात यायचीस आणि मशीनींमधून गरगर फिरायचीस, तेव्हा दारातून ओरडून ओरडून जे नाव टिकलं ते ‘भिंगरी’.

तर सोमवारी मी तुझ्या पोरीच्या नावाची चाचणी घेतली. माझ्या मनात काय होतं ते सांगतो. नाव तोंडावर आपटावं, आणि तुला कळवता यावं की बघ, कारखान्यानं नापास केलं. मिस्त्रींना कोणाचं नाव ते सांगितलं नाही. नऊच्या नऊ माणसं दाराकडे पाठ करून कामाला लागली, सगळी यंत्रं चालू. मी दारात उभा राहिलो, पोट आत घेतलं आणि हाक मारली.

ओऽऽ लूऽऽ मा!

नऊ माणसं वळली. बंबनं तर पायडलवरचा पाय काढला.

मग न्याय म्हणून माझ्या आईचं नाव घेऊन तसंच ओरडलो. दोघं वळले. त्यातला एक पाणी प्यायला निघाला होता.

मिस्त्री हात पुसत आले. “मालक, काय नाव आहे हो! ग्राइंडरच्या आवाजाखालून सरपटत गेलं बघा थेट. कोणी काढलं?”

“माझ्या मुलीनं,” मी म्हटलं. “तिच्या मुलीचं आहे.”

“ताईंनी? छे, छे. हे प्रेसवर उभं राहिलेल्या माणसाचं काम.” मग हळूच म्हणाले, “शिट्टीलासुद्धा ऐकू येईल हे.”

तुझ्या नवऱ्याला इथं अजून शिट्टीच म्हणतात. चार नंबरच्या प्रेसवर चार वर्षं उभा होता, एवढ्यात कसे विसरतील?

मी मिस्त्रींना म्हटलं, “कामाला लागा.”

पत्र इथंच आटोपतं घेतो. बाहेर गिऱ्हाईक आलंय.

गिऱ्हाईक आलेलं नाही. पण आटोपतं घेतो.

बाबा


२४ मार्च

भिंगरी,

तुझं पाकीट मिळालं. आत चिठ्ठी दीड ओळीची: ‘बाबा, नाव त्यानं बनवलंय. तुम्हाला अर्थ हवा ना, तो सोबतच्या कागदावर आहे.’ आणि कागदावर एक आलेख, वर ‘श्रवण तपासणी’ असं छापलेलं. डावीकडे रेघ जरा सरळ चालते आणि मग पायरी चुकल्यासारखी खाली जाते ती वर येतच नाही.

मला यंत्राचा नकाशा वाचता येतो, हा येईना. शेवटी बसथांब्यासमोर कानाची तपासणी करणाऱ्या बाई आहेत, त्यांच्याकडे घेऊन गेलो. चाळिशीच्या आत-बाहेरच्या, बोलायला मोजून-मापून.

कागद बघून म्हणाल्या, “कोणाचा?”

“माझ्या...” म्हटलं आणि अडलो. “मुलीच्या नवऱ्याचा.”

“प्रेसवर काम करायचे का?”

“तसं लिहिलंय कागदावर?”

“रेघेवर लिहिलंय,” त्या म्हणाल्या. “मोठ्या आवाजात वर्षानुवर्षं उभ्या राहिलेल्या माणसाची रेघ अशीच पडते.”

मग त्यांनी समजावलं. जाड आवाज त्याच्यापर्यंत येतात, बारीक येत नाहीत. स, श, क, त, फ, सगळी वाटेत विरतात. माणूस बोलतोय हे कळतं, काय बोलतोय ते अर्धं कळतं. कानात यंत्र घातलं तरी पाऊणच. उरलेलं तो समोरच्याच्या ओठांवरून उचलतो.

मी विचारलं, “ओलूमा?”

“काय?”

“ओलूमा. हे त्याला ऐकू येईल?”

त्यांनी मला पुन्हा म्हणायला लावलं. स्वतःही पुटपुटून बघितलं. मग हसल्या. “यातलं एकही अक्षर त्यांच्या हातून निसटणार नाही. आणि ओठांवरही दिसतं. ओठ गोल होतात, पुढे येतात, मिटतात, उघडतात. कुणी बनवलंय हे?”

“त्यानंच. मुलीसाठी.”

“मग जीव लावून बनवलंय.”

कारखाना माझाच हे सांगितलं आणि आलोच आहे तर माझेही कान तपासून घेतले. म्हणाल्या, “या वयाला असे कान मी बघितले नव्हते. तुम्ही त्या कारखान्यात नसता का?”

“तीस वर्षं तिथंच असतो.”

“कुठे बसता?”

“काचेच्या केबिनमध्ये.”

त्यांनी माझा कागद त्याच्या कागदाशेजारी ठेवला.

घरी येऊन तुझ्या आईला म्हटलं, “तुला हे माहीत होतं?” म्हणाली, “बाळंतपणाआधी महिनाभर तिथं काय मी भिंती मोजत होते?” आणि मग तिनं सांगितलं. संध्याकाळी तो रोपवाटिकेतल्या कामावरून आला की कानातलं यंत्र काढून भिंतीकडे तोंड करून बसायचा आणि तू त्याच्या पाठीमागे उभी राहून नावं म्हणायचीस. त्यानं जसं ऐकू येईल तसं परत म्हणायचं. सव्वादोनशे नावं झाली. चांगली चांगली, अर्थाची. त्याच्याकडून परत यायची ती शेपूट तुटलेली, नाहीतर मुंडकं. एका संध्याकाळी तू रडायला लागलीस, तेव्हा तो म्हणाला, “दुकानातलं एकही बसत नसेल तर आपण शिवून घेऊ.” मग त्याच्यापर्यंत जे आवाज पोचतात तेवढेच तुम्ही बाजूला काढलेत आणि ते मांडत बसलात.

मी विचारलं, “सुरुवात कुठल्या नावापासून केली होती?”

“तुमच्या आईच्या,” ती म्हणाली. “पहिल्याच दिवशी. तिनं तीनदा म्हटलं. तो तिन्ही वेळा गप्प.”

मी नेहमीसारखा तिच्यावरच घसरलो. “अगं, मग मला आधी सांगायचं नाही?”

“तुम्ही साबण म्हणालात. म्हटलं, करू दे आंघोळ.”

भिंगरी, आता जे विचारायचंय ते विचारतो. लग्नाचं सांगायला तुम्ही दोघं आला होतात, तेव्हा मी एक वाक्य बोललो होतो. हाक मारली तर वळून न बघणाऱ्या माणसाच्या हाती मी मुलगी देणार नाही, असं. तो दारात चपला काढत होता, माझ्याकडे पाठ होती. मी आवाज मुद्दाम खाली ठेवला होता. दोन वर्षं मी स्वतःला सांगत आलोय की त्याला ते ऐकू गेलं नसेल.

ऐकू गेलं होतं का गं?

बाबा


३ एप्रिल

भिंगरी,

तू लिहिलंस, ‘ऐकू नव्हतं गेलं. पण परतीच्या बसमध्ये त्यानं विचारलं, बाबा काय म्हणाले? मला खोटं बोलता येईना.’

कळलं. म्हणजे ते वाक्य त्यानं तुझ्या ओठांवर वाचलं. माझ्या तोंडून ऐकलं असतं तर माझ्यावर चिडता तरी आलं असतं. तुझ्यावर तो काय चिडणार?

दुसऱ्याच दिवशी जे सुचलं ते केलं. कानाच्या बाईंना कारखान्यात बोलावलं आणि नऊही जणांना तपासून घेतलं. पाच जणांची रेघ घसरलेली आहे. सगळ्यात जास्त मिस्त्रींची. मी त्यांना म्हटलं, “अहो, कधी बोलला नाहीत!” म्हणाले, “मालक, तुम्ही कधी विचारलंत?” चिडून नाही, साधं म्हणाले. त्यामुळे जास्त लागलं.

आता सगळ्यांच्या कानांवर लाल टोपणं बसली आहेत आणि कारखान्याची पार सर्कस झाली आहे. हाका बंद. बंबला बोलवायचं तर त्याच्यापर्यंत चालत जावं लागतं. पहिल्या दिवशी मी इतका चाललो की संध्याकाळी तुझ्या आईनं पाय चेपून दिले आणि वर म्हणाली, “आता कळलं, लोक तुमच्याकडे किती चालत आले ते?” आता प्रत्येक मशीनवर एक दिवा बसवतोय, बटण केबिनमध्ये. केबिनची काचही काढणार होतो, पण बाई म्हणाल्या, “त्यानं कुणाचे कान परत येणार आहेत? टोपणं घाला आणि गप बसा.” तेही बरोबर आहे.

दुसरी बातमी, मिशी काढली. बाईंचंच म्हणणं, ज्याला ओठ वाचायचे आहेत त्याच्यासमोर एवढी मिशी म्हणजे खिडकीला पडदा. तो चार वर्षं माझ्यासमोर उभा राहून पडदाच बघत असणार. मला वाटायचं, पोरगा मंद आहे, एकदा सांगून कळत नाही. न्हाव्यानं दोनदा विचारलं, “नक्की ना?” तुझी आई दार उघडून बघतच राहिली. म्हणाली, “पस्तीस वर्षांनी नवऱ्याचं तोंड बघतेय. पडदाच बरा होता.”

जिन्यात मास्तर भेटले. “लागला का अर्थ?”

म्हटलं, “लागला.”

“काय?”

“बापाला ऐकू येते ती.”

मास्तरांनी चष्मा काढला. “हे कुठल्या भाषेत?”

“आहे एका घरात चालणारी,” मी म्हटलं. मास्तर जिना चढताना तेच पुटपुटत होते. आता ते चार ठिकाणी स्वतःचा शोध म्हणून सांगतील.

नाव बदल म्हणालो होतो, ते मागे घेतो. माझ्या आईलाही हेच पटलं असतं. जेवताना प्रत्येक नातवंडाला नावानं हाक मारल्याशिवाय ती पहिला घास घ्यायची नाही. बापाला पोरीचं नाव घेता येत नाही, असं घर तिनं चालवून घेतलं नसतं.

येऊ का, असं मी खाली लिहिणार होतो. पण तुझ्या चिठ्ठीच्या शेवटी तू आधीच लिहून ठेवलंस: ‘यायचं असेल तर मला विचारू नका.’ बरोबर. चूक तुझ्याशी केलेली नाही. तुझ्याशी फक्त भांडलो.

त्याला लिहितो. वेळ लागेल, हात जड आहे.

बाबा


९ एप्रिल

जावईबापू,

हा शब्द लिहायला मला तीन कागद आणि दोन वर्षं लागली. कारखान्यात मी तुम्हाला ‘अरे’ म्हणायचो. आज ‘तुम्ही’ लिहितोय ते शहाणपण दाखवायला नाही. आधीच म्हणायला हवं होतं, तुम्ही जावई नसतात तरीही.

तुम्ही दुसऱ्या वर्षी केबिनमध्ये आला होतात. म्हणालात, “मालक, घरी गेल्यावरही कानात वाजत राहतं. कानाला लावायला काही मिळेल का?” मी हिशेबाच्या वहीतून मान वर केली नाही. “महिनाभरात सवय होते,” म्हणालो. तुम्ही पुन्हा आलात. तेव्हा मी “कापूस घाल” म्हणालो आणि बाहेर येऊन सगळ्यांसमोर तुमची नक्कल केली, कानावर हात ठेवून. सगळे हसले. तुम्हीही हसलात. तिसऱ्यांदा तुम्ही आला नाहीत.

मुलीला मी बरंच लिहिलं, हे लिहिलेलं नाही. यापुढचं तर तुझ्या सासूलाही... बघा, ‘तुझ्या’ आलंच. तुमच्या सासूलाही सांगितलेलं नाही.

तुम्ही काम करता करता शिट्टी वाजवायचात. सहा प्रेसच्या वरून ती केबिनपर्यंत यायची, म्हणून तर ते नाव पडलं. माझे कान तिखट आहेत. कुठलं बेअरिंग पुढच्या आठवड्यात जाणार, हे मी बसल्या जागी सांगतो. तुमची शिट्टी थांबली ते मला त्याच दिवशी कळलं. तिसऱ्या वर्षी, पुढे दिवाळखोर झालेल्या एका गिऱ्हाइकाच्या मोठ्या ऑर्डरवर आपण जादा पाळी चालवत होतो तेव्हा. मी मिस्त्रींना म्हणालो, “बरं झालं, पोरगा आता कामाला लागला.”

बारीक आवाज आधी जातात, हे मला गेल्या महिन्यात कळलं. शिट्टीहून बारीक काय असतं? तुम्हाला तुमचीच शिट्टी ऐकू येईना, म्हणून ती थांबली होती. ती थांबल्याचं साऱ्या कारखान्यात एका माणसाला कळलं, आणि तो खूश झाला.

मला ठाऊक नव्हतं, असं म्हणता येईल. पण तुम्ही दोनदा येऊन सांगितलं होतंत. माफी मागतो. मिळेल असं धरून मागत नाही.

हे पत्र मुलीला दाखवायचं की नाही, ते तुम्ही ठरवा.

तुम्हाला चालत असेल तर रविवारी सकाळच्या बसनं येईन. नको असेल तर एक ओळ पाठवा, मी तिकीट काढणार नाही आणि तुम्ही बोलवाल तोवर वाट बघेन. घरी येणार नाही. रोपवाटिकेच्या फाटकाशी उभा राहीन, ऊन तोंडावर घेऊन, म्हणजे तुम्हाला माझा चेहरा नीट दिसेल. घाई न करता, तुमच्याकडे बघून बोलेन. ओरडणार नाही, ओरडलं की ओठ वेडेवाकडे होतात, असं बाईंनी सांगितलंय. इतकी वर्षं उलटंच समजत होतो.

ओलूमाला आणायलाच हवं असं नाही. आणलंत तर तुमच्याच कडेवर राहू द्या. मी हात पुढे करणार नाही. तुम्हाला वाटलं तर द्या, या खेपेला नाही तर पुढच्या, नाहीतर आणखी कधी. तोवर मी लांबूनच बघेन.